येगरची आठवी अट

‘द टार्कोव्ह शूटर’ या कामगिरीचा आठवा भाग पुरा झाल्याचं माझ्या लेकीनं तिच्या मामाला सांगितलं ते शाबासकीच्या अपेक्षेनं. दादानं आधी अट विचारली. मग दोघांचं जे बोलणं झालं ते इथे मांडते आहे, कारण दोघंही त्यात फार मनापासून उतरले होते आणि मला दोघांचंही पटत होतं.

दादा हयातभर कोल्हापुरात मुलांना रायफल शिकवत आला. पॉइंट टू टू, पन्नास मीटर. लेक पुण्यात नोकरी करते आणि रात्री ‘एस्केप फ्रॉम टार्कोव्ह’ खेळते. सेंट पीटर्सबर्गच्या बॅटलस्टेट गेम्सचा हा खेळ २०१७ पासून बीटा रूपात चालू होता. पूर्ण आवृत्ती आली १५ नोव्हेंबर २०२५ रोजी. रशियाच्या वायव्येला नॉर्विन्स्क नावाचा एक काल्पनिक प्रांत, त्यातलं युद्धानं मोडून पडलेलं टार्कोव्ह शहर. खेळाडू पीएमसी, म्हणजे भाडोत्री सैनिक होऊन आत शिरतो, हाती लागेल ते गोळा करतो आणि नेमून दिलेल्या वाटेनं जिवंत बाहेर पडायचं बघतो. अशा एका फेरीला रेड म्हणतात. मेला तर अंगावरचं जवळजवळ सगळं जातं. एका छोट्या सुरक्षित पेटीतलं तेवढं राहतं. पडद्याच्या कोपऱ्यात नकाशा नाही. कोण आपला, कोण परका याची डोक्यावर खूण नाही. बंदुकीत किती गोळ्या उरल्या त्याचा आकडा नाही, तो मॅगझिन काढून अंदाजानं बघायचा.

मामा: अट परत सांग. नीट.

भाची: वूड्स नावाचा नकाशा. बोल्ट-अ‍ॅक्शन रायफल. एकाच रेडमध्ये तीन पीएमसी मारायचे. पीएमसी म्हणजे माझ्यासारखेच खेळाडू, संगणक हलवतो ती पात्रं नव्हेत. दोन मारले आणि मी मेले, तर मोजणी परत शून्यापासून.

मामा: अट घालतं कोण?

भाची: येगर. प्रायोझेर्स्कच्या अभयारण्यातला शिकारी. तो सहज भेटत नाही. मेकॅनिक नावाचा व्यापारी आधी त्याची चिठ्ठी शोधायला तुला त्या जंगलात पाठवतो. चिठ्ठी आणलीस की येगर कामं द्यायला लागतो. नेमबाजीची कामं ओळीनं आठ आहेत.

मामा: मग शेवटचंच का सांगतेस? पहिल्यापासून सांग.

(इथे दादानं चष्मा चढवला आणि पाठकोऱ्या कागदावर लिहायला घेतलं. शिष्याचा सरावतक्ता बघताना तो असाच बसायचा.)

भाची: पहिल्यात दुर्बीण लावायची नाही. नुसत्या साइटवर, चाळीस मीटरच्या पलीकडून, स्कॅव्ह मारायचे. स्कॅव्ह म्हणजे शहरात उरलेले लुटारू. दुसरं सोड. तिसऱ्यात उलटं, पंचवीस मीटरच्या आत जाऊन खेळाडू मारायचे, त्याच रायफलनं.

मामा: पंचवीसच्या आत बोल्ट-अ‍ॅक्शन? पहिली चुकली की बोल्ट मागं ओढेपर्यंत समोरचा पट्टा रिकामा करेल.

भाची: म्हणूनच तर. तिथे मी गोळी न झाडायला शिकले. कानात हेडसेट असतो, पावलं ऐकू येतात. दाराच्या कडेला उभं राहून तो वळेपर्यंत थांबायचं.

मामा: बरं. चौथं?

भाची: बोल्ट-अ‍ॅक्शनचं कौशल्य तिसऱ्या पातळीवर न्यायचं. म्हणजे वापरत राहायचं, आकडा वाढेपर्यंत.

मामा: ही हजेरी झाली, शिक्षण नव्हे. हे खोडतो मी.

भाची: खोड. मलाही नाही आवडलं ते. पाचव्यात कस्टम्स नावाच्या नकाशावर रात्री स्कॅव्ह मारायचे. सहाव्यात उंचावर दबा धरून बसलेले स्नायपर स्कॅव्ह. सातवंही सोड. आणि हे सगळं झाल्यावर शेवटी वूड्स.

(या अटींचे तपशील वेगवेगळ्या आवृत्त्यांत बदलत आले आहेत. लेकीनं तिच्या वाट्याला आल्या तशा सांगितल्या.)

मामा: हा येगर ज्यानं लिहिला त्याला शिकवता येतं. आधी उघडी साइट, मग अंतर काढून घेतलं, मग उजेड काढून घेतला, मग जो तुझ्यासारखाच लपून बसलाय त्याला शोधायला लावलं. मी पोरांना पहिले काही महिने दुर्बीण सोड, गोळीसुद्धा देत नव्हतो. कोरडा चाप ओढा म्हणायचो. एवढं कबूल करतो मी. पण माझ्याकडे सात पायऱ्यांनंतर आठवी आली असती ती कागदाच्या लक्ष्यावर. माणसावर नाही.

भाची: माणूस नाही रे तो. माणसाचं चित्र.

मामा: आत्ताच म्हणालीस, तुझ्यासारखेच खेळाडू. एक काहीतरी ठरव.

मला इथे थांबून थोडं सांगायचं आहे. आत जाणं सोपं, बाहेर येणं अवघड आणि आणलेल्या वस्तूची किंमत जिवाएवढी, ही कल्पना या खेळाच्या फार आधीची. अर्काडी आणि बोरिस स्त्रुगात्स्की या भावांची ‘रोडसाइड पिकनिक’ कादंबरी १९७२ मध्ये आली. तिच्यातला रेड शूहार्ट निषिद्ध प्रदेशात शिरून चमत्कारिक वस्तू चोरून आणतो आणि विकतो. तिच्यावरून आन्द्रेई तार्कोव्स्कीनं १९७९ मध्ये ‘स्टॉकर’ केला. पुढे कीव्हच्या जीएससी गेम वर्ल्डनं त्यातून प्रेरणा घेऊन २००७ मध्ये संगणकावरचा ‘स्टॉकर’ आणला. टार्कोव्हनं त्यात एक गोष्ट घातली, आणि तीच सगळ्यात महत्त्वाची: त्या प्रदेशात तुमच्याबरोबर इतर खरी माणसंही असतात, प्रत्येकाच्या खिशात स्वतःची कामगिरी असते. कादंबरीत धोका असतो तो अज्ञाताचा. इथे धोका दुसऱ्या माणसाच्या हेतूचा आहे, आणि हेतू दुरून दिसत नाही. माझ्या मते या खेळातली सगळी अवघड बाजू यात आली. नेम, गोळीचा वेग, तुटलेलं हाड, रक्तस्राव हे नंतरचं.

मामा: बरं, ती रेड सांग. कुठे बसली होतीस?

भाची: मी पूर्वेकडे उतरले होते, म्हणजे बाहेर पडायच्या वाटा पश्चिमेला. मधे तळं आहे, तळ्याकाठी लाकडाची वखार. तिथे श्टुर्मान असतो, दोन साथीदारांसकट. त्याला संगणक चालवतो, पण नेम असा की लांबूनच डोकं फोडतो. त्याला मारून त्याच्याकडची किल्ली घ्यायला लोक येतात. मला श्टुर्मान नको होता. त्याच्यासाठी येणारे हवे होते.

मामा: म्हणजे आमिषाजवळ बसलीस.

भाची: वरच्या खडकांत, पण माथ्यावर नाही. माथ्याकडे प्रत्येक जण आधी बघतो. खाली, झुडपाच्या सावलीत. मोसिन होती, वर दुर्बीण.

मामा: मोसिन? १८९१ ची? पाच गोळ्या, बोल्ट कडक. आणि दुर्बीण लावली की पट्टीनं भरता येत नाही, एकेक गोळी आत सारावी लागते.

भाची: तेच! म्हणजे पाचांत भागवायचं. आधी वखारीत गोळीबार झाला, मग शांत. मग एक जण मोकळ्यावरून धावला. छातीवर घेतला. या खेळात डोक्याला पस्तीस गुण असतात, छातीला पंच्याऐंशी. पण वर चिलखत असतं. पहिल्या गोळीला तो पडला नाही, लंगडत ओंडक्याआड गेला. दुसरीला पडला. श्वास रोखून धरायचा तर हात दमतात, दुर्बीण हलायला लागते. तुझ्याकडे होतं तसंच.

मामा: माझ्याकडे दमलेला मुलगा रायफल खाली ठेवतो. पुढे?

भाची: मग थांबले. बराच वेळ. त्याचा जोडीदार येणार असं वाटत होतं.

मामा: मदतीला?

भाची: किंवा त्याचं सामान वाचवायला. मित्राची बंदूक उचलून दूर झुडपात टाकतात. विमा असतो, कोणी उचलली नाही तर मालकाला परत मिळते. तो आला, ओणवा झाला. एका गोळीत.

दादा यावर काही बोलला नाही. कागदावर त्यानं काहीतरी लिहिलं आणि खाली रेघ ओढली. लेकीला तिसऱ्याचं सांगायची घाई होती, आणि तरी तिचा आवाज जरा उतरला होता हे मला जाणवलं.

भाची: मग मी जागा सोडली. एका जागेवरून दोनदा मारलं की जागा जगजाहीर होते. पश्चिमेला, यूएनच्या नाक्याकडे निघाले. तिथून बाहेर पडता येतं. वेळ संपत आली होती. आणि एका झाडामागे तो. माझ्याआधी त्यानं मला पाहिलं होतं.

मामा: मग तू जिवंत कशी?

भाची: त्यानं झाडली नाही. झाडामागून एकदा डावीकडे झुकला, एकदा उजवीकडे, परत डावीकडे. ती खूण आहे. खेळात कुठे लिहिलेली नाही, खेळाडूंनीच पाडलेला पायंडा आहे. म्हणजे, मी मारत नाही, तूही मारू नकोस.

मामा: तू काय केलंस?

भाची: मी पण झुकले. तो झाडामागून बाहेर आला. मग मी गोळी घातली.

मामा: वचन देऊन?

भाची: हो.

खोलीत काही काळ कोणीच बोललं नाही. आई म्हणून मला मधे पडावंसं वाटलं, पण दोघांपैकी कोणाची बाजू घेऊन पडू ते कळेना.

मामा: मी काय सांगतो ऐक. रेंजवर पहिला नियम असतो: नळी माणसाकडे वळवायची नाही, रिकामी असली तरी. बोल्ट उघडा, चेंबरमध्ये रंगीत दोरी घातलेली, लांबून कोणालाही दिसावी अशी. का? रिकाम्या रायफलनं कोणी मरत नाही. तरी नियम आहे, कारण बोटाला सवय लागते. तो मुलगा पडद्यावर मेला याचं मला दुःख नाही. तो पुन्हा उभा राहिला असेल, दुसरी बंदूक घेऊन. पण तू ओळखलं होतंस की हा झाडणार नाही. वाचलंस त्याला तू. आणि ते वाचलेलं त्याच्याविरुद्ध वापरलंस, कारण कागदावर तीन लिहिलं होतं.

भाची: मामा, तो खेळायला आला तेव्हाच त्याला माहीत होतं. आम्ही सगळे हे मान्य करूनच आत जातो. त्या खुणेला अर्थ आहे तोच मुळी ती मोडता येते म्हणून. ज्या खेळात मित्राला गोळी लागतच नाही तिथे कोण कशाला झुकेल?

मामा: हे बरोबर आहे. म्हणूनच जास्त वाईट वाटतं. आणि ती खूणही धड राहिली का? तूच मागे मला त्या व्हिडिओचं सांगितलं होतंस.

(तो व्हिडिओ फेब्रुवारी २०२३ चा. एका यूट्यूबरनं भिंतीपलीकडचे खेळाडू दिसतील असं फसवणुकीचं सॉफ्टवेअर मुद्दाम वापरलं आणि भिंतीआडच्यांना हीच झुकण्याची खूण केली. त्याला बघणं अशक्य असूनही अनेक जण उलट झुकले. म्हणजे तेही तेच सॉफ्टवेअर वापरत होते. त्यानंतर फसवणुकीवरून खेळाडूंमध्ये मोठा गदारोळ झाला.)

मामा: आमच्याकडे जाकिटाची जाडी मोजतात, ताठरपणा यंत्रावर तपासतात, सामना झाल्यावरसुद्धा बोलावतात. हरलेल्याला निदान एवढं ठाऊक असतं की तो कशानं हरला. तुझ्या त्या मुलाला काय ठाऊक? तू चांगली होतीस, खोटारडी होतीस, की सॉफ्टवेअर लावून बसली होतीस?

भाची: नाही कळत. मलाही कित्येकदा कळलेलं नाही मी कशानं मेले. आणि बीटाच्या काळात तर साधारण सहा महिन्यांनी सगळ्यांचं सगळं पुसायचे, कामगिऱ्यांसकट. मागच्या खेपेला मी सहाव्या भागावर होते तेव्हा पुसलं गेलं.

मामा: आणि परत पहिल्यापासून?

भाची: परत पहिल्यापासून. पण दुसऱ्यांदा पहिला भाग पटकन झाला. आकडा पुसला, मला येत होतं ते नाही पुसलं गेलं.

मामा: हे मला मान्य. पोरी, हे शंभर टक्के मान्य.

दादा हे म्हणाला तेव्हा त्याच्या आवाजात खरा आनंद होता. शिकवणाऱ्या माणसाला याहून आवडतं काही नसतं. माझं मत विचाराल तर अवघडपणाचे दोन प्रकार आहेत आणि टार्कोव्हमध्ये दोन्ही आहेत. एक तुम्हाला बदलतो. तिसऱ्या भागातलं दाराशी थांबणं त्यातलं. दुसरा फक्त तुमची रात्र खातो. चौथ्या भागातला आकडा त्यातला. बनवणाऱ्यांना दुसरा स्वस्तात पडतो आणि खेळणाऱ्याला बसवून ठेवायला तो पुरतो. पहिल्याला डोकं लागतं. येगरच्या आठांपैकी बहुतेक पहिल्या जातीचे आहेत, म्हणून मी माझ्या मुलीच्या त्या रात्री वाया गेल्या असं म्हणणार नाही. कोणी म्हणालं तर वाद घालीन.

मामा: पण अवघड व्हायला दुसऱ्याचं नुकसान कशाला लागतं? आपल्या कांबळवाडीचा स्वप्निल कुसाळे घे. पॅरिस ऑलिंपिक, १ ऑगस्ट २०२४. पन्नास मीटरवर दहाचं वर्तुळ १०.४ मिलिमीटर, आणि अंतिम फेरी गुडघ्यावर, झोपून, उभ्यानं अशी. ४५१.४ गुण, कांस्यपदक. या प्रकारात भारताचं पहिलं. त्याच्यासमोर जे होतं ते लक्ष्य आणि स्वतःचं काळीज. त्यानं कोणाकडून काही हिसकावलं नाही.

भाची: चौथा आला त्याचं काय?

मामा: चौथ्याला स्वप्निलनं हात लावला नाही. दोघं आपापल्या लेनमध्ये, आपापल्या लक्ष्यावर.

भाची: म्हणून तुझ्या खेळात दुसऱ्याला वाचावं लागत नाही. स्वतःला वाचलं की पुरतं. मला दुसऱ्याला वाचावं लागतं. हा का पळतोय, हा का थांबलाय, याला माझं सामान हवंय की नुसतं घरी जायचंय. हे मी नेमबाजीत शिकले नसते. ऑफिसात मीटिंगला बसते तेव्हा समोरचा गप्प का आहे ते मला आता लवकर कळतं. हसू नकोस.

मामा: हसत नाही. पण वाचता आलं म्हणून काय करायचं, हा प्रश्न उरतोच ना? तो दुसरा खेळ निघालाय ना, स्वीडनचा?

भाची: ‘आर्क रेडर्स’. एम्बार्क स्टुडिओज. ऑक्टोबर २०२५ मध्ये आला.

मामा: त्यात लोक माइकवरून ओरडतात म्हणे, मारू नका, मारू नका. आणि पुष्कळ जण खरंच मारत नाहीत.

भाची: हो. यंत्रं समोर असतात, त्यांच्याशी लढायला हात कमी पडतात. मलाही आवडतो तो. पण तिथे माझं काळीज असं धडधडत नाही.

मामा: धडधड हेच माप धरलंस तर रस्ता ओलांडतानाही धडधडतं. टार्कोव्हवाल्यांना दयेचा हिशोब ठेवताच येत नाही, असं तरी आहे का?

भाची: येतो. पीएमसीऐवजी स्कॅव्ह होऊनही आत जाता येतं, फुकटच्या सामानावर. तेव्हा दुसऱ्या स्कॅव्हला विनाकारण मारलं की फेन्स नावाच्या व्यापाऱ्याकडे तुझी पत घसरते. २०२१ पासून आहे ते. पत चांगली राखली की पुढच्या वेळी स्कॅव्ह लवकर मिळतो.

मामा: म्हणजे मोजता येतं. मग पीएमसीला का नाही?

भाची: कारण मग सोडून देणं हेही एक काम होईल. येगर म्हणेल, तीन जणांना सोडून दे, बक्षीस घे. मी सोडीन, बक्षिसासाठी. त्या मुलानं झाडली नाही त्याबद्दल त्याला काहीच मिळणार नव्हतं. म्हणून ते मोठं होतं. हे मला गोळी घालतानाही कळत होतं, मामा.

मामा: आणि तुला मात्र मिळालं.

भाची: मला मिळालं. भाग पुरा झाला. हरीण मारल्यावर शिकाऱ्याला वाटत असेल तसं काही वाटलं नाही. बाहेर पडेपर्यंत हात थरथरत होते, आणि बाहेर पडल्यावर मी खुर्चीवरून उठून ओरडले. तो आनंद खोटा नव्हता. इतक्या दिवसांचं सगळं त्यात होतं, उघड्या साइटपासून रात्रीच्या कस्टम्सपर्यंत. तू म्हणशील तो डागाळलेला होता. असेल. पण होता.

मामा: मी डागाळलेला नाही म्हणत. मी एवढंच विचारतोय की आठवी अट अशी असायला हवी होती का. चांगला शिक्षक शेवटच्या पायरीवर मुलाला एकटा सोडतो, तिथे त्याचं स्वतःचं काय ते दिसावं म्हणून. येगरनं तुला शेवटपर्यंत आकड्याला बांधून ठेवलं.

भाची: आणि तो आकडा नसता तर मी वूड्समध्ये इतका वेळ बसलेच नसते. ना खडक कळला असता, ना वखार, ना तो झाडामागचा. त्याला भेटलेच नसते, तर सोडायचं की नाही हा प्रश्न कुठून आला असता?

मामा: मग आता उत्तर दे. पुन्हा तोच झाडामागून झुकला तर?

भाची: काम नसेल तर सोडीन. मी सोडलेत, पुष्कळांना. एकाबरोबर तर बाहेरच्या वाटेपर्यंत चालत गेले, एकमेकांची पाठ राखत.

मामा: काम असताना विचारतोय मी. दोन झालेत, तिसरा समोर आहे, आणि तो झुकला.

भाची: मी उलट झुकणार नाही.

मामा: आणि गोळी?

भाची: ती घालीन.